आठ टक्के आणि नऊ टक्के

लिपिकाच्या परीक्षेचा फॉर्म भरला त्या दिवशी मंजिरीचं वय छत्तीस वर्षं चार महिने होतं. फॉर्मवर वर्षं, महिने, दिवस असं सगळं लिहायचं होतं म्हणून तिला ते कळलं. सुशील गेल्यापासून आपलं वय मोजणं तिनं सोडूनच दिलं होतं. विधवांना वयाची सूट होती. त्या रकान्यात खूण करताना तिचा हात जरा थांबला, एवढंच.

हे २००७ सालचं. राज्य होऊन सहा-सात वर्षं झाली होती, रायपूर राजधानी झालं होतं आणि कुठल्या ना कुठल्या खात्यात भरती निघत होती. शंकर नगरात, जिथं मंजिरीचं घर होतं, तिथल्या जुन्या बंगल्यांवर नव्या नव्या कार्यालयांच्या पाट्या लागत होत्या. त्या पाट्यांसमोरून मंजिरी पाच वर्षं भाजी आणायला गेली होती. आपणही यातल्या एखाद्या दारातून आत जाऊ शकतो, हे तिला लिपिकांच्या भरतीच्या जाहिरातीनं सुचवलं.

घरात तिघं जण होते. मंजिरी, तिची बारा वर्षांची मुलगी अनुश्री आणि सासरे नरहरी, ज्यांना ती मामाजी म्हणायची. सासूबाई मंजिरीच्या लग्नाआधीच वारल्या होत्या. नरहरी रेल्वेच्या मालगोदामात बाबू होते, रिटायर होऊन तेरा वर्षं झाली होती. सुशील त्यांचा एकुलता एक मुलगा. ट्रॅक्टरच्या एका शोरूममध्ये तो नोकरीला होता. २००३ च्या जानेवारीत धमतरीहून मोटारसायकलनं परत येताना एका ट्रकनं त्याला उडवलं. शोरूम खाजगी, त्यामुळे त्याच्या जागी मंजिरीला नोकरी मिळण्याचा प्रश्नच नव्हता. विम्याचे आणि शोरूमनं दिलेले मिळून तीन लाख रुपये आले.

त्या दिवसांत मंजिरीला भिंत आणि दार यांतला फरक कळत नव्हता. नरहरींनी कागद पुढे केले, बोट ठेवलं तिथं तिनं सह्या केल्या. पुढे दर महिन्याच्या पाच तारखेला ते एक पाकीट तिच्या हातात द्यायचे. त्यात अडीच हजार रुपये असायचे. "व्याज आलं," एवढंच म्हणायचे. नरहरींची पेन्शन घरखर्चाला, ते अडीच हजार अनुश्रीच्या शाळेला आणि अडीअडचणीला, आणि साड्यांना फॉल-पिको करून मंजिरी जे मिळवायची ते इतर सगळ्याला, असा त्यांचा संसार चालला होता.

परीक्षेत हिंदी होतं, सामान्य ज्ञान होतं, आणि वीस मार्कांचं गणित. हिंदी आणि सामान्य ज्ञान मंजिरीनं अनुश्रीच्या पुस्तकांवरून उरकलं. गणितापाशी मात्र ती अडली. ती आर्वीच्या मराठी शाळेत शिकलेली. सरळव्याज तिला आठवत होतं, पण बाजारातून आणलेल्या जुन्या प्रश्नपत्रिकांत एक गणित दर वर्षी यायचं, त्याला काय करावं ते कळेना. एका माणसानं दहा हजार रुपयांपैकी काही आठ टक्क्यांनी ठेवले, उरलेले दहा टक्क्यांनी. वर्षाला एकूण व्याज आठशे साठ रुपये मिळालं. तर प्रत्येक दरानं किती ठेवले?

अनुश्रीनं एकदा डोकावून पाहिलं. "मम्मी, एक हिस्से को एक्स मान लो ना," ती म्हणाली. तिला मराठी सगळं समजायचं, बोलायची मात्र हिंदी.

एक्स म्हटलं की मंजिरी वही मिटायची. नववीत एका बाईंनी याच एक्सपायी तिला वर्गाबाहेर उभं केलं होतं.

शेवटी तिनं नरहरींना विचारलं. सकाळी अनुश्री शाळेत गेली की दहा ते साडेअकरा शिकवायचं ठरलं. दुपारी दोन ते सहा नरहरी चौकातल्या वाचनालयात जायचे, तो त्यांचा दोन वर्षांचा नेम होता.

पहिल्या दिवशी त्यांनी वही हातात घेतलीच नाही. "वाचून दाखव," म्हणाले. "गणित ऐकून समजते." मंजिरीनं वाचलं. ते डोळे मिटून ऐकत होते.

"आता असं समज," ते म्हणाले, "का त्या माणसाले दहा टक्क्याचं काही माहीतच नाही. सगळे दहा हजार त्यानं आठनंच ठेवले. किती मिळन?"

"आठशे."

"मिळाले किती?"

"आठशे साठ."

"मंग वरचे साठ आले कुठून? काही शंभराच्या नोटा त्यानं आठातून उचलून दहात ठेवल्या. एक नोट हलवली का दोन रुपये वाढते. साठ वाढायले किती नोटा हलवाव्या लागन?"

मंजिरी म्हणाली तीस. तीस नोटा म्हणजे तीन हजार. तीन हजार दहा टक्क्यांनी, सात हजार आठ टक्क्यांनी. तिनं पडताळून पाहिलं. तीनशे आणि पाचशे साठ, आठशे साठ. बरोबर आलं. ती वहीकडे पाहतच राहिली. एक्सचं नावही निघालं नव्हतं.

नरहरी मालगोदामात मालाचे दर असेच तोंडी काढायचे. एकाच वॅगनमध्ये दोन दरांचा माल आला की एकूण भाड्यावरून कुठला किती ते ताडायचं, व्यापाऱ्यानं लबाडी केली असेल तर ती तिथंच पकडली जायची. ते सगळं आठवून ते गणितं रचायचे. तांदूळ आणि मोहाची फुलं, कोळसा आणि चुना, मोठा भाऊ आणि धाकटा भाऊ. धाकट्यानं पैसे कुठं ठेवले हे मोठ्याला माहीत नाही, फक्त व्याजाची बेरीज माहीत आहे. मंजिरी साडीला फॉल लावता लावता तोंडी उत्तर सांगायची. पंधरा दिवसांत ती इतकी तरबेज झाली की मशीनचं पायडल न थांबवता सांगू लागली. असा आनंद तिला कितीतरी वर्षांत झाला नव्हता, आणि तो गणितानं झाला याचं तिला हसू यायचं.

एके दिवशी दुपारी नरहरी चपला घालत असताना तिनं सहज विचारलं, आपल्या घरचे पैसे किती टक्क्यांनी ठेवले आहेत. पुस्तकातली गणितं संपली होती, तिला आता खऱ्या पैशांचं एक सोडवून पाहायचं होतं.

"काही आठनं, काही नऊनं," नरहरी म्हणाले. "पोस्टात." आणि छत्री घेऊन निघाले.

मंजिरी हौसेनं बसली. तीन लाख रुपये. महिन्याचे अडीच हजार म्हणजे वर्षाचे तीस हजार. सगळे आठनं ठेवले असते तर चोवीस हजार आले असते. वरचे सहा हजार राहिले. एक शंभराची नोट आठातून नवात हलवली की एक रुपया वाढतो. सहा हजार वाढायला सहा हजार नोटा हलवायला हव्यात. म्हणजे सहा लाख.

पण होते तर तीनच लाख.

तिनं पान उलटून पुन्हा मांडलं. पुन्हा सहा लाख. सगळेच्या सगळे नऊनं ठेवले तरी सत्तावीस हजारांवर जात नाही, हे तिला दिसत होतं, तरी तिला वाटलं आपलंच काही चुकलं. गणितात चूक आपलीच असते, ही तिची लहानपणापासूनची समजूत. अनुश्री शाळेतून आल्यावर तिनं ते गणित तिला घालून पाहिलं. अनुश्रीनं आपल्या पद्धतीनं केलं आणि पेन्सिल ठेवून दिली.

"मम्मी, एक हिस्सा माइनस में आ रहा है. सवाल ही गलत है."

सहा वाजता नरहरी आले. मंजिरीनं चहा दिला आणि वही पुढे केली. मामाजी, कुठं चुकलं ते पाहा ना, म्हणाली. या वेळी त्यांनी वाचून दाखव म्हटलं नाही. वही घेतली आणि खिडकीपाशी जाऊन अगदी डोळ्यांजवळ धरली. कितीतरी वेळ ते तसेच उभे होते. चहावर साय धरली.

त्यांना काहीही सांगता आलं असतं. इथं हातचा धरला नाहीस म्हणाले असते तरी मंजिरीनं मान्य केलं असतं. पोस्टाचा काही बोनस असतो म्हणाले असते तर तिनं पुढे विचारलंच नसतं. ते परत येऊन खुर्चीवर बसले आणि वही तिच्यासमोर ठेवली.

"गणित बरोबर हाये," ते म्हणाले.

"बरोबर कसं? तिनातून सहा लाख कसे हलवायचे?"

"नऊच्या जागी तेरा घाल."

मंजिरीनं घातले. एक नोट हलवली की आता पाच रुपये वाढत होते. सहा हजार वाढायला बाराशे नोटा. एक लाख वीस हजार तेरा टक्क्यांनी, एक लाख ऐंशी हजार आठ टक्क्यांनी. पडताळा घेतला, पंधरा हजार सहाशे आणि चौदा हजार चारशे, बरोबर तीस हजार. उत्तर आल्याच्या आनंदात ती क्षणभर हसलीसुद्धा. मग तिनं वर पाहिलं.

"पण तेरा टक्के कोण देते, मामाजी?"

"कोणीच नाही देत," नरहरी म्हणाले. "दोन वर्षं देत होते. मंग कुलूप लावून पळाले."

अनुश्री आतल्या खोलीत होती. त्यांनी आवाज खाली आणला आणि मग सगळं सांगितलं. राज्य नवीन झालं तेव्हा शंकर नगरात काचेच्या दारांची एक फायनान्स कंपनी आली होती. रेल्वेतल्या त्यांच्या दोन-तीन ओळखीच्यांनी तिथं पैसे ठेवले होते आणि व्याज वेळेवर येत होतं. सगळे तीन लाख ठेवायची त्यांची छाती झाली नाही. एक लाख ऐंशी हजार त्यांनी पोस्टात मंजिरीच्या नावावर ठेवले आणि एक लाख वीस हजार त्या कंपनीत. पोस्टाचे बाराशे आणि कंपनीचे तेराशे मिळून अडीच हजार व्हायचे. तेवढ्यात पोरीची शाळा निघते, असा त्यांचा हिशेब होता. २००५ च्या होळीनंतर एका सकाळी ते गेले तर काचेच्या दारावर कुलूप आणि बाहेर शे-दीडशे माणसं. पोलिसात तक्रार झाली. त्यातून काही आलं नाही.

"मंग हे वरचे तेराशे?" मंजिरीनं विचारलं. "दोन वर्षं झाली त्याले."

नरहरी कपातली साय बोटानं बाजूला करत राहिले.

"मी वाचनालयात नाही जात," ते म्हणाले. "पंडरीच्या बाजारात एका कपड्याच्या दुकानात बिलं लिहितो. पंधराशे देते तो."

मंजिरी उठली आणि स्वयंपाकाला लागली. कुकर लावला, कणीक भिजवली. ताटं वाढून झाल्यावर, नरहरींच्या पुढ्यात वरणाची वाटी ठेवताना ती फक्त एवढं म्हणाली, "मले विचारायचं होतं तुम्ही."

"हव," नरहरी म्हणाले.

तीन दिवस ती त्यांच्याशी कामापुरतंच बोलली. गणिताचा तास झाला नाही. तिला राग आला होता, आणि तो खरा राग होता. ते सुशीलचे पैसे होते. त्याच्या जिवाचे म्हणून जे काही आलं होतं ते तेवढंच, आणि त्यातला एवढा मोठा हिस्सा काचेच्या दारामागे गेला, तिला न विचारता गेला, आणि गेल्याचंही तिला कळवलं नाही. त्यांनी जिथं बोट ठेवलं तिथं तिनं सही केली होती. त्या सह्यांचाही तिला राग आला.

पण रागावून बसलं की दुसरंच काहीतरी आठवायचं. मागच्या उन्हाळ्यात त्या पाकिटातून तिनं मिक्सर घेतला होता. जुना चालत असताना घेतला होता. अनुश्रीला सहलीला पाठवलं होतं. मेच्या एका दुपारी कुणी पाहुणे आले असताना तिनं चेष्टेनं म्हटलं होतं, आमच्या मामाजींना घरात करमत नाही, एवढ्या उन्हाचे पेपर वाचायला जातात. नरहरी तेव्हा दारातच उभे होते, आणि हसले होते.

चौथ्या दिवशी पिको झालेल्या साड्यांचा गठ्ठा तयार होता. एरवी दुकानाचा माणूस येऊन घेऊन जायचा. मंजिरी म्हणाली, आज मीच देऊन येते. पंडरीत गठ्ठा पोचवून ती कापडाच्या ठोक दुकानांच्या गल्लीत शिरली. नरहरींनी दुकानाचं नाव सांगितलं नव्हतं, त्यामुळे ती प्रत्येक दुकानात डोकावत गेली. सातव्या की आठव्या दुकानात ते दिसले.

पांढऱ्या गादीच्या कोपऱ्यात ते मांडी घालून बसले होते. समोर उतरतं लाकडी डेस्क होतं. बिलबुक त्यांनी नाकाला लागेल इतकं वर धरलं होतं, लिहायचे आणि पुन्हा वर धरून पाहायचे. दुकानाचा मालक, धर्मपाल नावाचा चाळिशीचा माणूस, कापडाची थानं उलगडता उलगडता त्यांना म्हणत होता, "बाबूजी, आँख दिखवा लो. कल आठ हज़ार का अस्सी हज़ार लिख दिया था आपने." त्याच्या बोलण्यात राग नव्हता. नरहरींनी मान हलवली आणि पान उलटलं.

मंजिरी समोरच्या दुकानाच्या पायरीवर उभी होती, मधे फक्त गल्ली. नरहरींनी मान वर केली आणि थेट तिच्याकडे पाहिलं. तिला वाटलं आता ते दचकतील, उठतील. तिनं पदर सावरला. पण ते तसेच पाहत राहिले, तिच्या अंगावरून नजर पुढे गेली, मग पुन्हा बिलबुकात गेली. त्यांनी तिला ओळखलंच नव्हतं.

तेव्हा तिला समजलं की त्यांना ती दिसलीच नाही. पंधरा पावलांवरून घरातलं माणूस त्यांना दिसत नव्हतं. महिनाभर ते तिला रोज म्हणत होते, वाचून दाखव, गणित ऐकून समजते, आणि तिला ती शिकवायची रीत वाटली होती. त्या दिवशी खिडकीपाशी ते तेवढा वेळ का उभे होते, तेही आता तिला कळलं. ते फक्त विचारात नव्हते पडले. एकेक आकडा शोधत होते.

तिचा राग तिथंच संपला असं म्हणणं खोटं होईल. तो पुढे कितीतरी दिवस मधूनमधून वर यायचा. पण त्या क्षणी तो बाजूला झाला. ती गल्ली ओलांडून गेली आणि गादीच्या कडेला बसली.

"मामाजी," ती म्हणाली.

नरहरींच्या हातातला पेन थांबला. धर्मपालनं पाहिलं आणि पोऱ्याऐवजी स्वतःच उठून पाण्याचा पेला आणून दिला. मंजिरी म्हणाली, चला घरी. नरहरी म्हणाले, सहा वाजायचे आहेत. मग मी बसते, असं म्हणून ती सहा वाजेपर्यंत बसली. ते लिहायचे आणि ती हळूच आकडा वाचून सांगायची. दोनदा तिनं चूक सुधारली.

परत येताना दोघं पायीच निघाले. रस्ता ओलांडताना तिनं त्यांचा दंड धरला तो पुढे सोडला नाही. नरहरी म्हणाले, एक लाख वीस हजार मी भरून देणार आहे, तुझ्या नावावर खातं काढून त्यात टाकून राहिलो.

"महिन्याचे किती?"

"तेराशे तुले गेले का दोनशे वाचते."

मंजिरीनं मनातल्या मनात हिशेब केला. आता तिला वेळ लागत नव्हता.

"पन्नास वर्षं लागन, मामाजी."

नरहरी थांबले. मग त्यांना हसू फुटलं, आणि हसता हसता डोळ्यांतून पाणी आलं. रस्त्यावरची माणसं वळून पाहत होती. मंजिरीही हसली. तिनं त्यांना रस्त्याच्या कडेला उभं केलं.

"ऐका आता," ती म्हणाली. "या महिन्यापासून पाकिटात बाराशेच टाकायचे. जेवढं व्याज येते तेवढंच. आणि पासबुकं माझ्याजवळ राहीन."

"आणि शाळा?"

"शाळेचं मी पाहीन. चार गठ्ठे जास्त घेईन. तुमचे पंधराशे तुमच्या डोळ्याले."

घराच्या वळणावर आल्यावर नरहरी म्हणाले, "तुले खोटं सांगितलं तवा वाटलं, आठ आन् नऊ सांगून दिलं का झालं. तू लगेच मांडून पाहशील हे माह्या ध्यानातच नाही आलं."

"तुम्हीच शिकवलं नं," मंजिरी म्हणाली.

दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. एका डोळ्याचं ऑपरेशन पावसाळ्याआधी झालं, दुसऱ्याचं दिवाळीनंतर. पट्टी होती त्या दिवसांत गणिताचा तास फक्त सकाळी नव्हे, दिवसभर चालायचा, कारण नरहरींना दुसरं काही करता येत नव्हतं. ते पलंगावर पडून गणितं रचायचे आणि मंजिरी मशीनवरून उत्तरं द्यायची. कधी अनुश्री मधेच आईच्या आधी उत्तर देऊन टाकायची, हिंदीत. नरहरी म्हणायचे, मराठीत सांग तं धरीन. मग ती चिडून मराठीत सांगायची, आणि तिच्या तोंडून 'एक लाख ऐंशी हजार' ऐकताना दोघांनाही मजा वाटायची.

त्या वर्षी मंजिरी लेखी परीक्षा पास झाली. गणितात तिला वीसपैकी अठरा मिळाले. पण हिंदी टायपिंगला वेग कमी पडला आणि तिचं नाव यादीत आलं नाही. दोन दिवस तिनं मशीनला हात लावला नाही. तिसऱ्या दिवशी नरहरी पंडरीहून येताना एका टायपिंग क्लासची फी भरून आले. पहिला डोळा चांगला झाल्यावर ते पुन्हा धर्मपालच्या दुकानात जायला लागले होते, आता सांगून. मंजिरीनं जाऊ नका म्हटलं तेव्हा त्यांनी तिला समजावलं की तिथं लोक येतात, बोलतात, चार वाजता चहा येतो, घरी भिंतीकडे पाहून काय करू. फीचे पैसे कुठून आले हे तिनं विचारलं आणि त्यांनी खरं सांगितलं, दुकानाच्या पगारातून.

पुढच्या भरतीला ती पुन्हा बसली आणि २००९ च्या उन्हाळ्यात तिला नेमणुकीचं पत्र आलं. एका संचालनालयात, सहायक म्हणून. नरहरींनी ते पत्र स्वतः वाचलं, चष्मा लावून, पहिल्या ओळीपासून खालच्या 'प्रतिलिपि' पर्यंत. कुणाकुणाला प्रत गेली आहे ती सगळी यादी त्यांनी मोठ्यानं वाचली. अनुश्री म्हणाली, दादाजी, यह कौन पढ़ता है. ते म्हणाले, ज्यानं लिहिलं त्याले बरं वाटते.

पहिल्या दिवशी त्यांनी मंजिरीला एकटी जाऊ दिलं नाही. ती म्हणाली, मी काय शाळेत चालली का. ते म्हणाले, मी बाहेर बसतो, तू जा. ऑटोत ते तिच्या शेजारी ताठ बसले होते, इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून, जणू त्यांनाच रुजू व्हायचं होतं. कार्यालयाच्या व्हरांड्यात एक लाकडी बाक होता. तिथं ते बसले. मंजिरी आत गेली.

आत तिला एक टेबल मिळालं, एक खुर्ची जिचा एक पाय हलत होता, आणि धुळीनं भरलेल्या फायलींचा ढीग. शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी तिला नाव विचारलं, गाव विचारलं, आणि कुठलं कपाट उघडायला लाथ मारावी लागते ते दाखवलं. दोन तासांत मंजिरीनं तीन कागदांवर आवक नंबर टाकले. अक्षर बरं यावं म्हणून ती सावकाश लिहीत होती. सही करायची तेव्हा आधी कागद पूर्ण वाचायची, मगच करायची. शेजारच्या बाई म्हणाल्या, ऐसे तो शाम हो जाएगी बहन. मंजिरी म्हणाली, होऊ दे.

दीड वाजता जेवणाची सुटी झाली. ती डबा घेऊन बाहेर आली. तिला वाटलं होतं ते कंटाळून घरी गेले असतील. नरहरी बाकावरच होते. उन्हाचा पट्टा सरकत त्यांच्या गुडघ्यापर्यंत आला होता, आणि ते भिंतीला डोकं टेकून गाढ झोपले होते. चष्मा नाकावरून घसरला होता. चौकीदार जवळच उभा होता, त्यानं तिला खुणेनं सांगितलं की बराच वेळ झाला, उठवलं नाही.

मंजिरी त्यांच्या शेजारी उन्हाच्या बाजूला बसली. डबा उघडला, झाकणात पोळी ठेवून तिच्यावर वांग्याची भाजी वाढली, कांद्याची फोड ठेवली आणि ते झाकण त्यांच्या बाजूला सरकवलं. तिनं त्यांना हाक मारली नाही. सुटी अर्ध्या तासाची होती, आणि त्यातली पंचवीस मिनिटं अजून बाकी होती.